बासरीमागचा धप

मुलीने टेप थांबवली. तरी ‘धप’ झालाच.

बापलेक एकमेकांकडे बघत राहिले. टेपमशीनची चाकं थांबलेली, स्पीकर मुके, खोलीत तिसरं माणूस नाही. आणि आवाज तर टेपवर येत होता तसाच आला, लाकडी जमिनीवर कुणीतरी टाच आपटावी तसा.

“पुन्हा लाव,” वडील म्हणाले.

वडिलांना सगळे कानसेन म्हणत आणि ते त्यांना मनापासून आवडायचं. पस्तीस वर्षांपूर्वी त्यांनी गॅरेजवरच्या या माळ्यावर खोक्यांच्या फळ्या ठोकून जमीन केली, भिंतींना जुन्या गाद्या लावल्या, मध्ये एक काच बसवली आणि स्टुडिओ उघडला. काचेच्या अलीकडे यंत्रं, पलीकडे वादक, फळ्या मात्र सलग. मोठ्या कंपन्यांनी दारातूनच परत पाठवलेली कितीतरी मंडळी इथे गाऊन-वाजवून गेली. आता स्टुडिओच्या वाढदिवसाला हा सगळा इतिहास लोकांना ऐकवायचा, म्हणून मुलगी जुन्या टेप कॉम्प्युटरवर उतरवत होती. फक्त पहिल्या तेरा वर्षांच्या टेपना कानसेन हात लावू देत नव्हते. आज कशीबशी एक दिली, तीही ‘एकच’ असं बजावून. त्या सगळ्या टेपवर बासरीवाला होता.

बासरीवाला म्हणजे शाळेपासूनचा मित्र. फळ्या ठोकायलाही तोच होता. त्याची बासरी रंगात आली, की टेपवर धप यायचा. तू पाय आपटतोस, असं कानसेनांचं म्हणणं. पाय जागचा हलत नाही, असं त्याचं. आधी त्याचे बूट काढले. मग पायाखाली गोधडी आली, आधी दुहेरी, मग चौपदरी. शेवटी त्याला दोन्ही पाय खुर्चीवर घेऊन वाजवायला सांगितलं. त्याने घेतले. धप आलाच. रेकॉर्डिंगच्या वेळी कानसेन डोळे मिटून बसत, त्यामुळे पाय कुठे होते ते त्यांनी पाहिलं नव्हतं. ते सरळ म्हणाले, “खोटं बोलतोस.” बासरीवाला गोधडी काखोटीला मारून जिना उतरला, तो उतरलाच.

त्यानंतर स्टुडिओत धप कधी आला नाही. याहून मोठा पुरावा काय हवा? बावीस वर्षं कानसेन बरोबर होते, आणि बावीस वर्षं त्यांना चुकल्याचुकल्यासारखं होत होतं.

मुलीने टेप पुन्हा लावली. बासरी वर चढू लागली, कानसेनांचे डोळे मिटले. धप. धप. या वेळी मुलगी ऐकत नव्हती. ती टेबलाखाली वाकून बघत होती.

“बाबा, डोळे उघडा. आणि पायाकडे बघा तुमच्या.”

त्यांनी पाहिलं. उजवा पाय चपलेसकट फळीवर ताल धरून होता. मालकाची परवानगी घ्यावी, असं त्याला वाटलेलं दिसत नव्हतं.

“मला कळायला लागल्यापासून हा पाय कधी हललेला मी पाहिला नाही,” मुलगी म्हणाली.

कानसेनांच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या. लाज वाटली, चांगली भरपूर वाटली. पण लाजेच्या मागोमाग असा काही आनंद वर आला, की त्यांनी तिथल्या तिथे फोन उचलला. नंबर पाठ होता.

“कोण?”

“मी. धप माझा होता.”

पलीकडून प्रश्न आला, “कुठला पाय?”

“उजवा.”

“तिथेच बस. हलू नकोस.”

अर्ध्या तासात जिना वाजला. केस पांढरे झालेले, दम लागलेला, हातात बासरी आणि काखेत तीच गोधडी. बासरीवाला टेबलाखाली वाकला, मांजराचं पिल्लू उचलावं तसा कानसेनांचा उजवा पाय उचलला, खाली चौपदरी गोधडी सारली आणि पाय तिच्यावर ठेवून दिला.

“अरे, माफ कर मला,” कानसेन म्हणाले.

“ते नंतर. आधी वाजवू दे. आणि डोळे मिटलेस तर याद राख.”

तो काचेपलीकडे जाऊन बसला. मुलीने बटण दाबलं. बासरी छान निघाली, वर चढली आणि मध्येच अडली. पुन्हा घेतलं, पुन्हा तिथेच अडली. तिसऱ्यांदाही तेच. कानसेनांचा चेहरा उतरला. आपण फार उशीर केला, असं त्यांना वाटलं.

“काका, जरा दम खायचाय का?” मुलीने माइकवरून विचारलं.

“दम मुबलक आहे. काहीतरी कमी आहे इथे.” त्याने गाद्यांकडे पाहिलं, छताकडे पाहिलं, काचेतून मित्राकडे पाहिलं. मग उठला, अलीकडे आला, टेबलाखाली वाकला आणि गोधडी ओढून काढली.

“अरे, टेपवर येईल,” कानसेन म्हणाले.

“येऊ दे.”

मुलीने चौथ्यांदा बटण दाबलं. बासरी निघाली, चढत चढत त्याच वळणावर आली, आणि फळी वाजली. धप. बासरी न थांबता वर गेली.