गर्दीकडे वळलेला कॅमेरा

“ते हसू तेवढं काढून टाका. बाकी तुमचं तुम्ही बघा,” खुर्चीत टेकण्याआधीच आत्याने सांगून टाकलं. सोबत आलेल्या भाचीने मान डोलावली. माहितीपटाची दिग्दर्शिका चहाचा कप हातात तसाच धरून उभी राहिली.

आत्याचं बरोबरच होतं. नवऱ्याला विष दिल्याच्या आरोपावरून तिला कोर्टातून पोलिसगाडीकडे नेत होते, तेव्हा ती हसली होती. तेच हसू सगळ्या वाहिन्यांनी दिवसरात्र दाखवलं. ‘हसरी नागीण’ हे बारसंही त्यांनीच केलं. पुढे विष दुसऱ्यानेच दिल्याचं सिद्ध झालं, आत्या निर्दोष सुटली. पण ती बातमी कोण बघतो? हसतील त्यांचे दात दिसतील म्हणतात. आत्याचे मात्र अख्ख्या देशाने पाहिले. तेव्हापासून तिने चारचौघांत हसणंच सोडलं होतं.

पण माहितीपट होता वाहिन्यांच्या याच उपद्व्यापावर. हसूच वगळलं तर दाखवायचं काय, कपाळ?

“अहो, पण तुम्ही हसलात तरी का?” दिग्दर्शिकेने विचारलं. पोलिसांचं विचारून झालं होतं, वकिलांचं झालं होतं, सख्ख्या भावाचं झालं होतं. आत्या तेव्हाही मूग गिळून बसली होती आणि आताही बसली.

कोपऱ्यात संगणकासमोर बसलेला संकलक खाकरला. “ताई, एक दाखवू?”

त्या दिवशी एका कॅमेरामनला मागून धक्का बसला होता. ऐन मोक्याला त्याचा कॅमेरा गर्दीकडे वळला. बिचाऱ्याने बोलणी खाल्ली आणि ते चित्रण अडगळीत गेलं. पण त्यातही पोलिसगाडीचा तोच लांबलचक हॉर्न ऐकू येत होता. संकलकाने हॉर्नला हॉर्न जुळवला आणि दोन्ही चित्रणं शेजारी शेजारी सुरू केली.

डावीकडे मान खाली घालून चाललेली आत्या. उजवीकडे शिव्या घालणारी गर्दी, आणि त्या गर्दीत एक म्हातारा. त्याने टोपी काढली. चेहरा न्यायाधीशासारखा गंभीर केला. आणि कान हलवले. दोन्ही, वर-खाली.

डावीकडे आत्याने मान वर केली आणि ती हसली.

“अगं, हे तर आजोबा!” भाची ओरडलीच.

“लहानपणी मी रडायला लागले की असंच करायचे,” आत्या म्हणाली. “सांगितलं असतं, तर दुसऱ्या दिवशी कॅमेरे त्यांच्या दारात. म्हाताऱ्याला फाडून खाल्लं असतं मेल्यांनी.”

ती तुरुंगात असतानाच तिचे बाबा गेले होते. त्या दिवसानंतर तिने त्यांना आज पाहिलं. डोळे पुसत पुसत ती हसली, सगळ्यांसमोर, अगदी तस्संच.

दिग्दर्शिकेने हलकेच विचारलं, “मग… हसू काढायचं ना?”

“छे, राहू दे की! फक्त आधी बाबांचे कान दाखवा. मग मी हसते.”