अपुरा कागद

"हा कागद अपुरा आहे," आई म्हणाली आणि पेनाचं टोपण खटकन लावून मोकळी झाली.

मुलाने कागद उलटसुलट करून बघितला. सिनेमात जी जी माणसं दिसतात त्या प्रत्येकाची लेखी परवानगी महोत्सववाल्यांना उद्या संध्याकाळपर्यंत हवी होती. नाहीतर सिनेमा दाखवणार नाही, असं त्यांनी स्पष्ट कळवलं होतं. बाकीच्यांच्या सह्या झाल्या होत्या. राहिली होती आई.

"काय अपुरं आहे? तुझं नाव आहे, पत्ता आहे."

"मला नको शिकवूस. दुसरीत शाळा सुटली माझी, अक्कल नाही सुटली. अपुरा म्हणजे अपुरा."

नाचता येईना अंगण वाकडं, तो मनात म्हणाला. कागद हे नुसतं निमित्त होतं. खरं दुखणं कुठे आहे ते त्याला ठाऊक होतं.

सतरा वर्षं तो सिनेमे करत होता. शिकवलं कोणीच नव्हतं. लग्नांच्या शूटिंगला दिवे धरता धरता कॅमेरा हातात आला, आणि लोकांच्या टाकाऊ टेपा जोडता-तोडता सिनेमा कापायची अक्कल आली. तीन सिनेमे झाले. एक शाळेच्या व्यायामशाळेत दाखवला, एक मित्राच्या गॅरेजमध्ये, तिसरा कोणी मागितलाच नाही. आई म्हणायची, "लोक सिनेमाच्या मागे धावतात. आमचा सिनेमा लोकांच्या मागे धावतो."

हा चौथा. पहिल्यांदाच खऱ्या थिएटरात लागणार होता, आणि पहिल्यांदाच तो स्वतःबद्दल बोलला होता. मधोमध गेल्या वर्षी टिपलेला एक सीन होता. आईच्या खोलीत, आरशाच्या कपाटासमोर पलंगावर बसून तो कॅमेऱ्यात बघून म्हणतो, "आवाजवाला माझा मित्र नाही. आम्ही अकरा वर्षं संसार करतोय."

आवाजवाला म्हणजे त्याच्या सिनेमांचे आवाज टिपणारा. मितभाषी गडी. "जगाचा आवाज पकडतो, स्वतःचा कुठे ठेवून आलाय?" असं आई त्याच्या तोंडावर विचारायची.

हीच गोष्ट त्याने अकरा वर्षांपूर्वी आईच्या घरात सांगितली होती, तेव्हा आईने बॅगेकडे बोट दाखवलं होतं. "हे सभ्य माणसांचं घर आहे." मावशी भरल्या ताटावरून उठली होती. पुढे महिनाभर ती आईशी बोलली नाही.

मावशी रक्ताची नव्हती. आई ज्या इस्पितळात कपडे धुवायची तिथली नर्स. बाबा गेल्यावर तीन महिन्यांसाठी आईच्या घरातली खोली भाड्याने घेतली आणि सव्वीस वर्षं राहिली. आईला सही करायला तिनेच शिकवलं. "पोराला जेवायला बोलाव, नाहीतर माझं पान मांडू नकोस," असं आईला सुनावून मुलाला घरात परत आणलं तेही तिनेच. आठ महिन्यांपूर्वी ती गेली. तेव्हापासून आईच्या जिभेला आणखीच धार चढली होती.

गेल्या रविवारी त्याने आईला सिनेमा दाखवला. "माझं नाक केवढं दाखवलंस," "भिंत पुसून घ्यायची होतीस," असं तिचं चाललं होतं. तो सीन संपला.

"पुन्हा लाव."

त्याने लावला.

"पुन्हा."

तीनदा बघितला. मग उठून धुतलेलीच भांडी धुवायला गेली. आणि आज म्हणे कागद अपुरा.

तो घरी आला. कॉम्प्युटरसमोर बसला.

"तोच सीन काढलास तर उरतं काय?" आवाजवाल्याने विचारलं.

"थिएटर उरतं."

दोन मिनिटं दहा सेकंद. सतरा वर्षं जे बोलायला लागली, ते कापायला चहा निवण्याइतकाही वेळ लागला नाही. आवाजवाला बाल्कनीत जाऊन उभा राहिला.

दुसऱ्या दिवशी दुपारी त्याने आईपुढे नवा सिनेमा लावला. ती चष्मा सावरून बघत होती. मध्येच सरसावून बसली.

"थांब. ते कुठंय?"

"काढलं. आता तरी सही कर."

"काढलं? कोणाला विचारून?"

"तुला नको होतं ना ते!"

"मी कधी म्हटलं नको?" आईचा आवाज चिरकला. "मी म्हटलं कागद अपुरा आहे. ते परत लाव आधी."

त्याने जुना सिनेमा उघडला. सीन सुरू झाला. आईचं बोट पुढे आलं, ते त्याच्या चेहऱ्यावरून सरकत मागच्या आरशाच्या कोपऱ्यात जाऊन टेकलं. आरशात स्वयंपाकघराचं दार होतं. दारात आई आणि मावशी. पलंगावरचा मुलगा बोलत होता, मावशी रडत होती, आणि आईने तिचा हात दोन्ही हातांत घट्ट धरून छातीशी नेला होता.

हा सीन त्याने शंभरदा तरी बघितला असेल. शंभरदा स्वतःचंच तोंड बघितलं होतं.

"जेवढी माणसं दिसतात तेवढ्यांचे कागद लागतात, तूच म्हणालास ना?" आई म्हणाली. "मग तिचा कुठंय?"

गेलेल्या माणसासाठी वेगळा अर्ज असतो, जवळच्या माणसाने त्यावर सही करायची असते, असं तो पुटपुटला. पिशवीत कोरे अर्ज होते. त्यातला एक काढून त्याने मावशीचं नाव भरलं. आईने आधी तिच्या कागदावर सही केली, सावकाश, एकेक अक्षर मावशीने शिकवलं तसं. मग स्वतःच्या.

"इथे नातं लिहावं लागतं, आई," तो म्हणाला. "बहीण लिहू? का मैत्रीण?"

आईने टोपण लावून पेन त्याच्या हातात दिलं.

"तू सिनेमात बोललास तेच लिही. फक्त अकराच्या जागी सव्वीस घाल."