जुन्या लाँचरमधला डाव

सुमतीवहिनींच्या पत्राला मी सात महिने उत्तर दिलं नव्हतं. "भाऊजी, हे दवाखान्यातून रोज विचारतात, तुम्ही चाल केलीत का?" त्यांचा नवरा दिगंबर आणि मी, आमचा कॉम्प्युटरवर बुद्धिबळाचा डाव चालू होता. चूक होईल म्हणून मी विचारच करत राहिलो आणि दिगंबर गेला.

"बाबा, अजून तो जुनाच लाँचर?" गेम उघडायच्या त्या प्रोग्रामकडे पाहत सून म्हणाली. "नवा घ्या, सगळे गेम येतात त्यात."

"अर्धा राहिलेला डाव येत नाही."

"तो आता कोणाशी खेळणार?" तिने हळूच विचारलं.

ती गेल्यावर मी पट उघडला आणि घोडा हलवला. मग पत्र लिहिलं, "वहिनी, आज घोडा हलवला. ही चाल पहिल्याच दिवशी सुचली होती. धीर झाला नाही. त्याला ताटकळत ठेवलं, क्षमा करा."

पाकीट पोस्टाच्या पेटीत टाकून आलो.