भिंगरी नावाचा ग्रह

“तुझ्या बायकोपुढे हा विषय काढायचा नाही,” म्हातारीनं मुलाला सुनावलं. “नोकरी जाऊ दे, नाव जाऊ दे. लोकांचं मी बघून घेईन, लोकांना मी पुरून उरलेय. पण ती पुन्हा अंथरूण धरेल, आणि या खेपेला उठायची नाही.”

मुलगा बूट न काढताच स्वयंपाकघरात उभा होता. एरवी तिनं त्याला तसा उभा राहू दिला नसता. प्राध्यापक असेल तो त्याच्या वर्गात. आज तिनं बुटांकडे पाहिलं आणि सोडून दिलं.

“आई, उद्या सगळ्यांसमोर तो शोध मागे घ्यायचाय. तिला कळणारच.”

“मग उद्या कळू दे. आज दोन घास सुखानं खाईल.”

दूरच्या ताऱ्यांभोवती फिरणारे ग्रह शोधणं हे मुलाचं काम. ते ग्रह दिसत नाहीत. तारा दिसतो, आणि तो किंचित डुलतो. त्यानं आईला तिच्या भाषेत सांगितलं होतं : पोर हात धरून गरागरा फिरायला लागलं की आईसुद्धा जागच्या जागी हलते. लांबून फक्त आई दिसते. तिच्या हलण्यावरून ओळखायचं की हाताला पोर आहे. म्हातारीला ते लगेच पटलं. एवढं सोपं असताना लोक शिकायला इतकी वर्षं का घालवतात, असंही तिनं विचारलं होतं.

त्याची स्वतःची लेक दिवसभर घरात गिरक्या घ्यायची, म्हणून तिचं नाव भिंगरी. नुकती शाळेत जायला लागली होती. तापाचं निमित्त झालं आणि पोर हातची गेली. सुनेनं अंथरूण धरलं. रात्र नाही, दिवस नाही, नुसतं रडणं. मुलाच्या डोळ्यांतून टिपूस आलं नाही. आठवडा उलटायच्या आत तो दुर्बिणीकडे परत गेला. म्हातारीनं चारचौघांत सांगितलं, माझा मुलगा छातीचा आहे.

पुढच्या साली त्याला ग्रह सापडला. कागदोपत्री त्याचं नाव म्हणजे नुसते आकडे आणि शेवटी एक अक्षर. घरात त्याला भिंगरी म्हणायला लागले. आज भिंगरीवर ऊन असेल का, तिला थंडी वाजत असेल का, असं जेवताना चालायचं. सून उठली, केस विंचरले, घरकामाला लागली. मुलाला मोठी खुर्ची मिळाली, देशोदेशीची बोलावणी आली. म्हातारीनं शेजारणींना इतकं ऐकवलं की जिन्यात ती दिसली की त्या दार लावून घ्यायच्या. “तुमच्या मुलांनी फ्लॅट घेतले. माझ्यानं ग्रह घेतलाय,” ती म्हणायची.

आणि आता त्याच्या हाताखालच्या एका विद्यार्थिनीनं भीत भीत विचारलं होतं, सर, या ग्रहाचं वर्ष नेमकं आपल्याएवढंच कसं?

दुर्बीण ज्या पृथ्वीवर उभी असते, ती पृथ्वीच सूर्याभोवती पळत असते. ते पळणं आधी हिशेबातून वजा करायचं. मुलानं ताऱ्याची जागा केसभर चुकीची धरली होती, म्हणून ते पुरतं वजा झालंच नव्हतं. तारा डुलत नव्हता. डुलत होतो ते आपण. नेमक्या वर्षात फेरी पुरी करणारा ग्रह सापडला की या धंद्यातला नवशिकासुद्धा आधी स्वतःवर संशय घेतो. यानं घेतला नाही.

दार वाजलं. सून गच्चीवरून वाळलेले कपडे घेऊन आली. एके काळी तीही मुलाच्याच खात्यात होती. पोर गेल्यावर नोकरी सुटली ती सुटलीच.

“टोकं धरा,” ती नवऱ्याला म्हणाली आणि चादरीची एक बाजू त्याच्या हातात दिली. त्यानं धरली. म्हातारी डोळ्यांनी त्याला दटावत होती.

“भिंगरी नाहीये,” तो म्हणाला. “पृथ्वीचं फिरणं नीट वजा झालं नव्हतं.”

म्हातारीनं ओट्याची कड घट्ट पकडली.

सुनेनं चादर झटकली, घडीला घडी जुळवली. “ठाऊक आहे मला,” ती म्हणाली. “पहिल्याच वर्षी मी आकडे पुन्हा मांडून पाहिले होते.”

“पहिल्याच वर्षी?” म्हातारी कडाडली. “आणि आम्हाला इतकी वर्षं नाचवलंस? अगं, तुझ्यासाठी जीव टांगून बसलो होतो आम्ही. ती भिंगरी नसती तर तू उठली असतीस का?”

“मी रडून मोकळी झाले होते, आई. हे धड जेवत नव्हते, यांनी जेवावं म्हणून उठले.” तिचा आवाज चढला नाही. “ग्रह सापडला त्या दिवशी हे दारातून काय म्हणत आले, आठवतंय? ‘सापडला’ नाही म्हणाले. ‘सापडली’ म्हणाले. आणि कित्येक महिन्यांनी आपणहून ताटावर बसले. मग चूक कळल्यावरही मी ती सांगितली नाही.”

म्हातारीनं ओट्याची कड सोडली.

सून चादर हातावर गोळा करत नवऱ्याजवळ आली. त्यानं आपली टोकं अजून सोडली नव्हती.

“इतक्या वर्षांत एकदाही तुम्ही ‘गेली’ हा शब्द उच्चारला नाहीत,” ती म्हणाली. “आता म्हणा.”

तो तिथेच फरशीवर बसला.

“भिंगरी गेली,” तो म्हणाला, आणि बातमी आत्ताच आल्यासारखा चादरीत तोंड खुपसून रडायला लागला.