गुडघ्यावरची कविता

गेंट शहरातल्या आमच्या कविमंडळात शपथच असे: गुडघे टेकून लिहायचं, प्रत्येक कडवं प्रमुखांनी दिलेल्या ओळीने संपवायचं, कविता पुरी होईतो उठायचं नाही. त्या दुपारची ओळ होती, ‘मी वेळेवर पोहोचलो.’

लीव्हेनने शेवटचं कडवं संपवलं. एका कडव्यापुरती जागा सोडून, खाली तीच ओळ आपोआप उमटली. अक्षर त्याचंच, शाई ओली.

“बसा. अजून एक कडवं राहिलंय,” प्रमुख मासा चघळत म्हणाले.

लीव्हेनची शेजारीण धावत आली. “अहो लीव्हेन, चला! तुमची पोरगी शेवटच्या घटका मोजतेय. बाबा कुठे म्हणून विचारतेय.”

“शपथ घेतलीय त्यांनी,” प्रमुख म्हणाले. आम्ही हसलो.

लीव्हेनने भराभर लिहिलं. ओळ पुन्हा उमटली. पुन्हा लिहिलं, पुन्हा उमटली.

मग चर्चमधून मूल गेल्याची बारीक घंटा ऐकू आली.

या वेळी कडव्याखालचा कागद कोराच राहिला.

“झाली पुरी,” प्रमुख म्हणाले. “उठा आता. जा घरी.”