सामायिक विहीर

वाटणीचं अपील चालू असतानाच भावांत तडजोड ठरली. कुंभकोणमच्या कोर्टाबाहेर वकिलाने मसुदा तमिळमध्ये वाचला. घर अर्धंअर्धं, रस्त्याकडची खोली धाकट्याला, परसातली विहीर सामायिक. दोघांच्या संमतीशिवाय तिला हात लावायचा नाही. धाकट्याने पेन उघडलं तसा बायकोने त्याचा हात धरला. तिच्या कडेवरचं पोर नुकतंच विहिरीचा कठडा धरून उभं राहायला लागलं होतं. “भावजी, विहिरीला जाळी बसवू?” तिने घरच्या मराठीत विचारलं. “देवाच्या पाण्याची विहीर ती. लोखंड चालायचं नाही.” वर्षभर हेच ऐकून तिचं डोकं उठलं होतं. “मग विहीर आमच्या नावे लिहा, खोली तुम्हाला.” “अगं, तिथे दुकान काढायचं होतं,” नवरा पुटपुटला. दीर हसले. “आटलेल्या विहिरीसाठी खोली सोडतेस?” “पाणी आटलंय. खोली नाही आटली.” वकिलाला काही कळेना, नवऱ्याने आपल्या नावापुढची खोली खोडली.