बैल कशासाठी कापला

१९८४ साली, पावसानं सलग तिसऱ्यांदा दगा दिला त्या वर्षी, लोबात्सेच्या वरच्या कोर्टात केआगिले छाती काढून उभा होता.

"आम्ही काही रानटी नाही, साहेब," तो जजसाहेबांना सांगत होता. "माझी भावजय मोकळी होती. केव्हाही येऊन अपील करू शकली असती. आली नाही. आळस, दुसरं काय!"

भावजय, ओलेबिले, समोरच बसली होती. सुतकाचं वर्ष उलटलं तरी अजून काळ्या कपड्यांत. ते उतरवायचा मान सासरच्या थोरल्याचा, आणि थोरला हाच. दर महिन्याला म्हणायचा, पुढच्या महिन्यात बघू.

भांडण बोअरचं होतं. गुरांच्या तळावरची ती बोअर ओलेबिलेच्या नवऱ्यानं खणलेली. खालच्या कोर्टानं ती केआगिलेला दिली, आणि आठवड्याच्या आत नवरा वारला. अपिलाला मुदत सहा आठवड्यांची, सुतक वर्षाचं. विधवेनं अंगणाबाहेर पडायचं नाही. गुरांची वाट ओलांडली तर गाई गाभडतात, पाऊस पळतो. पडावंच लागलं, तर विटाळ लागू नये म्हणून मोगागा नावाच्या रानकांद्याचे तुकडे टाकत कडेकडेनं जायचं. काळ्या कपड्यातल्या बाईला बसवाला घेत नसे. ज्यानं फाटक लावून घेतलं तोच आता विचारत होता, बाहेर का नाही आलीस! अजून आठवलं की माझ्या कपाळाची शीर तडतडते.

मुदतीत ती एकदाच कोर्टात जायला बाहेर पडली होती. तीही भर दुपारी, गुरं पाण्यावरून परतत असताना, नेमकी त्यांच्याच वाटेनं. अर्थात पकडली गेली. आम्ही बायकांनी तिला मूर्खात काढलं. "पहाटे मागच्या कुंपणातून जायला काय झालं होतं तुला?" ती काळा रुमाल सावरून आत निघून गेली.

आता उशीर माफ झाला तरच अपील ऐकलं जाणार होतं. नाहीतर बोअर गेली, आणि त्या दुष्काळात बोअर गेली म्हणजे गुरं गेली.

तिची वकील, तिबोने नावाची किडकिडीत पोरगी, उठली.

"केआगिलेसाहेब, भावाच्या सुतकात तुम्ही गावच्या चावडीवर, कगोट्लात, बैल कापलात. कोणाचा?"

"हिचाच."

"कशासाठी?"

केआगिलेनं मागे पाहिलं. गावचे पंच रांगेनं बसले होते. तो बैल सगळ्यांनी खाल्ला होता. मोकळ्या बाईचा बैल दंड म्हणून कापला असं म्हणायचं, तर तो चोर आणि हे चोरीचं खाणारे. टोप्यांनी वारा घेणारे हात थांबले.

"बोल की रे," त्याची म्हातारी आत्या मागून ओरडली. "मटण खाताना बरं तोंड चालत होतं!"

शिपाई तिला गप्प करायला धावला. केआगिलेनं कठड्यावर हात आपटला.

"सुतकात बाहेर पडली म्हणून कापला!" तो गरजला. "मीच हाताला धरून परत आणली हिला. माझ्या घरात हे चालायचं नाही!"

दुभाष्यानं ते जजसाहेबांना सांगितलं. त्यांनी चष्मा काढला आणि ते म्हणाले, "उशीर माफ."

पुढच्या वर्षी अपिलात बोअर ओलेबिलेला मिळाली. तिचे काळे कपडे आत्यानं त्याच आठवड्यात उतरवले, थोरल्याला न विचारता. केआगिले फ्रान्सिसटाउनला मुलाकडे गेला तो कगोट्लात पुन्हा कधी बसला नाही. जजसाहेब आपल्या देशी, घानाला परतले. तिबोने पुढे स्वतःच जज झाली. आत्या नव्वदी ओलांडून गेली.

ओलेबिले गेल्या हिवाळ्यात गेली. त्याआधी एकदा, बोअरच्या हौदाशी गुरं पीत असताना, मी तिला पुन्हा तोच प्रश्न विचारला.

"पहाटे गेले असते तर बसवाल्यानं उतरवलंच असतं, आणि कोणाला कळलंही नसतं," ती म्हणाली. "मला त्या दिवशी कोर्टात पोचायचंच नव्हतं गं. सगळ्या गावासमोर त्यानं मला अडवायला हवं होतं."